पाण्याच्या गाण्याचा कर्ता

गेल्या वर्षी फेब्रुवारीत, एका सोमवारी, अमेरिकेतला एक गीतकार वारला. वय एक्याण्णव. त्याच्या आदल्या दिवशी, रविवारी, मी वसईत एका कागदावर सही करून दिली होती की त्याचं एक गाणं माझ्या मामाने रचलेलं आहे.

सही करताना मला तो गीतकार माहीत नव्हता. त्या गाण्याशी त्याचा काही संबंध असेल, असंही वाटलं नव्हतं. तशी मी सहीच्या बाबतीत सैल नाही. एकतीस वर्षं मी एका मराठी दैनिकात परदेशी बातम्यांच्या टेबलावर काम केलं. बातमीला दोन सूत्रं लागतात, असं मी नव्या मुलामुलींना सांगत असे, आणि एकाच सूत्रावर आणलेली बातमी परत देत असे. त्या रविवारच्या कागदासाठी मी एकच सूत्र घेतलं. त्या कागदाचा ज्याला फायदा होणार होता, तोच ते सूत्र होता.

आधी गाण्याविषयी. आमच्या गावात, म्हणजे माझ्या आईच्या माहेरी, लग्नाच्या आदल्या दिवशी संध्याकाळी बायका हंडे घेऊन पाणी आणायला जातात. पुढे बँड, मागे बायका. ते पाणी नवऱ्या मुलाच्या किंवा मुलीच्या आंघोळीसाठी. पूर्वी वाडीतल्या बावखलावरून आणायचे. बावखल म्हणजे वाड्यांमधलं गोड्या पाण्याचं तळं. आमचं बावखल बुजवून त्यावर आता सात मजल्यांची इमारत आहे, आणि पाणी त्याच इमारतीच्या टाकीच्या नळावरून आणतात. बँड तेवढाच असतो. परत येताना जी चाल वाजते तिला आमच्याकडे ‘पाण्याचं गाणं’ म्हणतात. ती चाल वाजल्याशिवाय मांडवात कुणी जेवायला बसत नाही. गेल्या काही वर्षांत ती जूचंद्र गावापर्यंत गेली आहे. तिथल्या हळदीत ती डीजेवर वाजते.

या चालीला एक हेलकावा आहे. सूर सरळ जात नाही. थोडा वर चढतो, थोडा खाली उतरतो, पुन्हा चढतो. डोक्यावर भरलेला हंडा घेऊन चालणारी बाई जशी डुलते तसा तो आहे, असं गावात प्रत्येक जण सांगतो. लहानपणी मलाही तसंच सांगितलं होतं.

दोन वर्षांपूर्वी गावातल्या मंडळींनी लग्नाची गाणी एकत्र करून पुस्तक काढायचं ठरवलं. एक समिती झाली. अध्यक्ष शाळेचे निवृत्त मुख्याध्यापक. मला सहावी-सातवीला त्यांनीच शिकवलं होतं, त्यामुळे ते मला अजून ‘अगं’ म्हणतात. गाण्यांची यादी झाली आणि प्रत्येकाखाली ‘पारंपरिक’ असं लिहिलं गेलं. यादी शाळेच्या फलकावर लागली. मामाने ती वाचली आणि मला फोन केला.

मामा तेव्हा चौऱ्याऐंशीचा होता. तरुणपणापासून साठीपर्यंत त्याने गावच्या बँडमध्ये क्लॅरिनेट वाजवली. दिवसा एका रंगाच्या कारखान्यात नोकरी, सुट्टीला बँड. बँडमास्तर तो कधीच नव्हता. कार्डावर नाव बँडमास्तरचं, फोटोत मध्ये बँडमास्तर. मामाचं नाव माझ्या माहितीप्रमाणे आयुष्यात एकदाच छापलं गेलं होतं, मतदारयादीत, आणि तिथे आडनाव चुकलं होतं. कवळी बसल्यापासून त्याला क्लॅरिनेट वाजवता येत नाही. चाल दाखवायची झाली तर तो ओठ मिटून गुणगुणतो.

नायगावच्या माझ्या फ्लॅटमधून मी रविवारी त्याच्याकडे गेले. तो ओटीवर बसला होता. मामी आत मासे साफ करत होती.

“पाण्याचं गाणं माझं हाय,” तो म्हणाला. “मी रचलं. हे मास्तर खाली पारंपरिक लिवतात. पारंपरिक म्हनजे कोन? पारंपरिकला मी ओळखत नाय.”

“कधी रचलंस?”

“लग्नाच्या आधी. चोवीसचा असेन.”

“एकट्याने?”

“मग काय पंचायत बोलावून?”

“कुणी पाहिलं होतं? बँडमधलं कुणी?”

“बँडमधले सगळे वर गेले. तू जाऊन विचारून ये.”

आतून मामी म्हणाली, “साठ वरसं झाली, आता आठवन आली ह्यांना. तेवा कोनी विचारलं तर म्हनायचे, असंच हाय, आपलं हाय.”

“तेवा कोनी पुस्तक काढत नव्हता,” मामा म्हणाला. मग माझ्याकडे वळून, “तू पेपरवाली. तुझ्या सहीला वजन हाय.”

“निवृत्त पेपरवाली.”

“मग? फादर निवृत्त झाले तर त्यांचा आशीर्वाद लागत नाय काय?”

मी कागदावर चार ओळी लिहिल्या. अमुक व्यक्तीने ही चाल सुमारे साठ वर्षांपूर्वी स्वतः रचली, असं मला खात्रीपूर्वक माहीत आहे. ‘खात्रीपूर्वक’ हा शब्द मामाने सांगितला. बातमीत मी तो कधीच राहू दिला नसता. सही केली. मामाने कागदाची घडी घालून बायबलात ठेवली, आणि चर्चमध्ये संध्याकाळच्या मिस्साला जाताना अध्यक्षांच्या हातात दिली.

सोमवारी सकाळी अध्यक्षांचा फोन आला. “अगं, तुझं पत्र आलं म्हणजे प्रश्नच मिटला. तू लिहिलंस म्हणजे तपासूनच लिहिलं असणार. तुझ्या मामाचं नाव घालतो.” मी मामाला कळवलं. तो बरं म्हणाला. नंतर मामीकडून कळलं की त्या दिवशी त्याने दाढी दोनदा केली.

मंगळवारी सकाळी मी सवयीप्रमाणे परदेशी वृत्तपत्रांच्या साइट उघडल्या. निवृत्त झाल्यावरही ती सवय सुटलेली नाही. मृत्युलेख आधी वाचते. टेबलावर असताना परदेशी माणूस वारला की त्याला आमच्या पानावर चार ओळी मिळत, जागा असली तर. या गीतकाराला मी कदाचित तेवढ्याही दिल्या नसत्या.

मृत्युलेखावरून कळलेली हकिकत अशी. वडील शिंपी. घरात पियानो होता तो बहिणीसाठी. तिला शिकवायला बाई यायच्या आणि हा शेजारच्या खोलीतून ऐकायचा. बहीण पुढे नर्स झाली. हा एकोणिसाव्या वर्षी न्यूयॉर्कला गेला आणि एका इमारतीत नोकरीला लागला. तिथे प्रत्येक मजल्यावर लहान लहान खोल्या होत्या, आणि प्रत्येक खोलीत एक पियानो आणि दोन खुर्च्या. सकाळी दहा ते संध्याकाळी सहा गाणी लिहायची, शब्द आणि चाल दोन्ही. आठवड्याला दोन. प्रेमाचं असावं, विरह चालेल, तीन मिनिटांच्या आत संपावं. भिंती इतक्या पातळ की शेजारच्या खोलीतलं गाणं ऐकू यायचं. एकदा दोन शेजारच्या खोल्यांनी एकाच दिवशी जवळजवळ एकच गाणं लिहिलं. मालकाने दोन्ही नापास केली.

त्याची दोन गाणी गाजली. मग गायक स्वतःची गाणी स्वतः लिहू लागले आणि त्या इमारतीतल्या खोल्या एकेक करून रिकाम्या झाल्या. हा जाहिरातींची गाणी लिहू लागला. टूथपेस्ट, कुत्र्यांचं खाणं, गाद्या. गाद्यांचं गाणं कित्येक वर्षं वाजलं. मृत्युलेखात म्हटलं होतं की अमेरिकेत बहुतेकांना त्याचं नाव माहीत नाही, पण ते गाद्यांचं गाणं सगळ्यांना तोंडपाठ आहे. लेखाच्या शेवटी आणखी एका गाण्याचा उल्लेख होता. ते एका तबकडीच्या मागच्या बाजूला होतं आणि चाललं नाही, पण गीतकाराला स्वतःला ते सर्वांत आवडायचं. सहगीतकार म्हणून गायकाच्या मॅनेजरचं नाव दिलं होतं. खाली गाणं ऐकायची सोय होती. मी चहा ठेवून ते लावलं.

ते पाण्याचं गाणं होतं.

मी तीनदा ऐकलं. हेलकावा नव्हता, सूर सरळ होते. पण चाल तीच. चहा उतू गेला. त्यानंतर काय करायचं हे नियमानुसार स्पष्ट होतं: चूक छापून गेली असेल तर खुलासा, गेली नसेल तर आधी सूत्राकडे. बुधवारी मी सूत्राकडे गेले.

ओटीवर बसून मी फोनवर गाणं लावलं. मामा पुढे वाकून ऐकत होता. पहिल्या ओळीला त्याने मान हलवली. दुसऱ्या ओळीला मान थांबली.

“हा कोन?”

“एक अमेरिकन. परवा वारला.”

“ह्याला आपलं गाणं कुठनं मिळालं?”

आतून मामी हात पुसत बाहेर आली. तिने दाराशी उभं राहून ऐकलं.

“ही जहाजवाल्याची तबकडी,” ती म्हणाली.

“कसली तबकडी?” मामा म्हणाला.

“ती नाय, मोठ्या भोकाची? तुमी बूच बसवलेलं.”

मग जे कळलं ते मामीकडून, आणि नंतर हळूहळू मामाकडून. दोघांच्या सांगण्यात तफावत नव्हती, म्हणून इथे देते.

शेजारी एक जण जहाजावर कामाला होता; मामीचं माहेरही त्याच वाडीत. तो रजेवर येताना विजेवर चालणारा रेकॉर्ड प्लेअर घेऊन आला, आणि त्याच खेपेला काही अमेरिकन तबकड्या. या तबकड्या लहान आणि त्यांचं मधलं भोक मोठं. प्लेअरची मधली दांडी बारीक. तबकडी बसेना. मामाने बाटलीचं बूच कापून त्या भोकात बसवलं आणि बुचाला सुईने भोक पाडलं. ते नेमकं मध्यावर पडलं नाही. त्यामुळे तबकडी फिरताना एका बाजूला झुके आणि सूर वरखाली होत. आणि निम्म्यावर आली की सुई मागे उडी मारायची आणि तोच भाग पुन्हा सुरू व्हायचा. गाण्याचा पुढचा अर्धा भाग त्या घरात कुणीच कधी ऐकला नाही.

“बूच दुसरं का नाही कापलं?” मी विचारलं.

“बाटली एकच होती,” मामा म्हणाला. “आणि आमाला काय ठाऊक, तो अमेरिकन असाच गातो म्हटलं.”

बँडला तेव्हा नवी चाल हवी होती. मामाने तबकडीवरून अर्धी चाल उचलली, हेलकाव्यासकट. पण बावखलापासून मांडवापर्यंत चालायला पाव तास लागायचा आणि अर्धी चाल मिनिटभरात संपायची. तेच ते फिरून वाजवलं की बायका कंटाळायच्या, मध्येच गप्पा मारायला लागायच्या. म्हणून त्याने पुढचं रचलं.

“म्हनजे माझं काहीच नाय?” मामा म्हणाला. तो माझ्याकडे बघत नव्हता, फोनकडे बघत होता.

मामी बोलू लागली तेव्हा मी गाणं मध्येच थांबवलं होतं. आता ते पुढे चालू केलं. निम्मं झालं आणि अमेरिकन गायक पुढच्या भागावर गेला. मामाच्या कपाळावर आठी पडली.

“हे काय?”

“पुढचा भाग.”

“हा पुढचा भाग?” त्याने हात वर केला. “थांब. परत लाव.”

मी परत लावला. त्याने पूर्ण ऐकला.

“खाली उतरला,” तो म्हणाला. “तिथं उतरायचं नाय. मांडव दिसायला लागतो तिथं, वर जायला पाहिजे. हा घरी निघाला.”

मामी म्हणाली, “त्याला काय मांडव ठाऊक?”

“ठाऊक नाय तर नाय. पन हे माझं नाय. माझं वेगळं हाय.” मग त्याने ओठ मिटून स्वतःचा पुढचा भाग गुणगुणला, मग बोटाने फोनकडे दाखवलं, मग पुन्हा गुणगुणला. दोन्ही भाग वेगळे होते. मला संगीतातलं फार कळत नाही, पण तेवढं कळलं.

मी म्हटलं, “समितीला अजून काही माहीत नाही. तुझं नाव जाणार आहे. मी काही बोलले नाही तर पूर्ण गाणं तुझ्या नावावर जाईल.”

“मग नका बोलू,” मामी म्हणाली. “कोनाचं काय जातं? तो मेला.”

“नाय,” मामा म्हणाला. “त्याचं अर्धं त्याला दे. नाय तर उद्या कोन हे ऐकेल आनि म्हनेल, ह्याने पुढचं पन अमेरिकनाकडूनच घेतलं, आनि वर बिघडवलं. माझं अर्धं माझं म्हनून लिवा. तेवढंच लिवा.”

मी नोंद केली: सूत्राने स्वतःहून दुरुस्ती केली. माझ्या नोकरीच्या काळात हे फारसं घडलं नव्हतं.

दुसरं सूत्र हवं होतं. मृत्युलेखात गीतकाराच्या मुलीचा उल्लेख होता. ती शाळेत संगीत शिकवत असे आणि तिची साइट होती. मी तिला इंग्रजीत पत्र लिहिलं. आधी दुखवट्याचं वाक्य, मग मुद्दा. सोबत मामाच्या गुणगुणण्याचं रेकॉर्डिंग आणि एका लग्नातल्या बँडचं रेकॉर्डिंग पाठवलं. उत्तर नऊ दिवसांनी आलं.

तिने लिहिलं होतं की आधी तिला राग आला. तिच्या वडिलांच्या या गाण्यावर साठ वर्षं दुसऱ्या एका माणसाचं नाव आहे. गायकाच्या मॅनेजरला सुरांची लिपी वाचता येत नव्हती, पण आपलं नाव घातलं तरच गाणं गायलं जाईल असं त्याने सांगितलं आणि वडिलांनी मान्य केलं. तेव्हा तशी रीतच होती. पुढे ते नाव काढावं म्हणून वडील चाळीस वर्षं पत्रं लिहीत राहिले. मृत्युलेखातही ते नाव आलंच. तिने त्या वृत्तपत्राला दुरुस्तीसाठी लिहिलं, तेव्हा त्यांनी कळवलं की तबकडीवरचा मजकूर हा लेखी पुरावा आहे. मी त्या टेबलावर असते तर मीही तेच कळवलं असतं. तेव्हा भारतातून आणखी एक जण नाव मागतो आहे असं वाटून तिने माझं पत्र आठवडाभर बाजूला ठेवलं.

मग तिने रेकॉर्डिंग ऐकलं. पहिला भाग वडिलांचा आहे. दुसरा नाही. वडिलांच्या कुठल्याच गाण्यात तो नाही. तिने वडिलांची हस्तलिखितं काढून पाहिली आणि त्या पानाचा फोटो पाठवला. वडिलांनी दुसऱ्याचं काम स्वतःच्या नावावर कधी घेतलं नसतं, तेव्हा ज्याचं आहे त्याचं नाव घालावं, असं तिने लिहिलं. शेवटी एक प्रश्न होता: सूर वरखाली होतात ते कुणाचं? तेही वडिलांचं नाही.

मी उत्तर दिलं की ते बुचाचं.

दोन सूत्रं झाली, एक कागदपत्रही झालं. मी समितीला दुसरं पत्र लिहिलं. पहिलं पत्र मागे घेतलं, चूक माझी असल्याचं मान्य केलं, आणि सुचवलं की गाण्याखाली दोन नावं असावीत: चालीच्या पूर्वार्धाला अमेरिकन गीतकाराचं, उत्तरार्धाला मामाचं. सोबत मुलीचं पत्र, हस्तलिखिताचा फोटो, दोन्ही रेकॉर्डिंग.

समितीची बैठक मार्चमध्ये शाळेच्या वर्गात झाली. अध्यक्ष, चार सदस्य, मी आणि मामा. मामाने इस्त्रीचा शर्ट घातला होता आणि तो बाकावर मावत नव्हता म्हणून त्याला शिक्षकाची खुर्ची दिली. मी अमेरिकन गाणं लावलं.

“हे तर आपलंच आहे,” एक सदस्य बाई म्हणाल्या.

“हो,” अध्यक्ष म्हणाले. “अगं, हा माणूस इकडे कधी आला होता का? तपासलंस का?”

“आला नव्हता, सर. मुलीने लिहिलंय. कधी अमेरिकेबाहेर गेला नाही.”

“मुलीला सगळं माहीत असतं असं नाही. आपल्याकडची माणसं जहाजांवर होती. तिकडे जायची. गायची. कुणी ऐकलं असेल.”

“सर, तबकडी तिकडून इकडे आली. मामी साक्षीदार आहे.”

“तबकडी आली. पण तबकडीत चाल कुठून आली? ती इकडून गेलेली नाही, हे सिद्ध झालंय का?”

“नाही.”

“मग झालं की,” अध्यक्ष म्हणाले.

दुसऱ्या सदस्याने सांगितलं की अर्नाळ्यात नव्वदीच्या एक बाई आहेत आणि त्या म्हणतात की हे गाणं त्यांची आजी म्हणायची. मी विचारलं की त्यांना कुणी गाणं ऐकवून विचारलं की न ऐकवता. ऐकवून, असं कळलं. मी म्हटलं, लोक सांगतात त्यात त्यांची स्वतःची आठवण किती आणि ऐकलेलं किती हे बघावं लागतं. सदस्य म्हणाले, “ताई, नव्वद वर्षांची बाई खोटं कशाला बोलेल?” मी मामाकडे पाहिलं नाही.

मग मामाने बुचाची गोष्ट सांगितली. बूच, बाटली, मध्यावर न पडलेलं भोक, मागे उडी मारणारी सुई, सगळं. सदस्य हसले. सदस्य बाईंना तर हसू आवरेना.

“मामा, गोष्ट छान आहे,” अध्यक्ष म्हणाले. “पण हेलकावा हंड्याचा आहे हे आपण प्रस्तावनेत घेतलंय. दीड पान आहे. प्रस्तावना छापून झाली.”

“मग माझं नाव?”

“आता तुम्हीच सांगितलंत ना, मामा, की तुमचं नाही?”

“अर्धं नाय म्हटलं. अर्धं हाय.”

“अर्ध्या गाण्याला नाव कसं घालणार?” अध्यक्ष म्हणाले. ते खरोखर अडचणीत दिसत होते. “पन्नासेक गाणी आहेत पुस्तकात. एकालाच नाव घातलं तर बाकीचे येतील. कुणाची आजी, कुणाचा पणजोबा. आणि तेही अर्धं. तुम्ही गप्प बसला असतात तर पूर्ण तुमचंच होतं, मी स्वतः घातलं होतं. आता मला माहीत झालं. माहीत झाल्यावर मी कसं घालू?”

मामा म्हणाला, “पुढचं अर्धं ऐका तरी.” त्याने ओठ मिटून गुणगुणलं. सगळ्यांनी ऐकलं. सदस्य बाईंनी बाकावर ताल धरला. एक सदस्य म्हणाला, “हे तर आपण सगळे लहानपणापासून म्हणतो.” हे अध्यक्षांना निर्णायक वाटलं, आणि त्यांनी ते इतिवृत्तात लिहून घेतलं.

मत घेतलं गेलं. पाच विरुद्ध शून्य. मला आणि मामाला मत नव्हतं.

बाहेर आल्यावर, रिक्षात बसताना मामा म्हणाला, “बाईंनी ताल बरोबर धरला.”

पुस्तक मे महिन्यात आलं. प्रकाशन चर्चच्या आवारात झालं. मामाला ज्येष्ठ वादक म्हणून व्यासपीठावर बोलावून शाल आणि चिकूचं रोप देण्यात आलं. सूत्रसंचालन करणाऱ्या मुलीने त्याचं आडनाव बरोबर उच्चारलं. त्याने बोलावं अशी विनंती करण्यात आली. तो म्हणाला की पाण्याच्या गाण्याचा पुढचा अर्धा भाग त्याने रचला आहे. टाळ्या पडल्या. निवेदिका म्हणाली, “ही आपली परंपरा आहे,” आणि पुढच्या माणसाचं नाव घेतलं.

गाणं पुस्तकात सत्तेचाळीसाव्या पानावर आहे. खाली ‘पारंपरिक’ असं छापलं आहे. त्याखाली बारीक टाइपात एक टीप आहे: ‘या चालीचा प्रभाव अमेरिकेतील एका लोकप्रिय गाण्यावरही आढळतो. माहिती सौजन्य’, आणि पुढे माझं नाव.

टिपेत चूक होती. ते गाणं लोकप्रिय कधीच नव्हतं. मी दुरुस्तीसाठी पत्र दिलं. अध्यक्षांनी कळवलं की दुसऱ्या आवृत्तीत विचार करू.

एक प्रत मी गीतकाराच्या मुलीला पाठवली. जूनमध्ये तिचं उत्तर आलं. पुस्तक मिळालं, लिपी वाचता येत नाही, त्या पानावर गाण्याखाली जे छापलंय त्याचं भाषांतर पाठवावं आणि त्यात तिच्या वडिलांचं नाव कुठे आहे ते खूण करून दाखवावं, असं तिने लिहिलं होतं. मी नोकरीत रोज भाषांतरं केली. हे दीड ओळीचं होतं. मी ते जसंच्या तसं केलं, खूण केली नाही, आणि सोबत दोन्ही पत्रांच्या प्रती आणि इतिवृत्ताचा गोषवारा जोडला. तिने एका ओळीत उत्तर दिलं: तिथेही मॅनेजर आहे का?

समितीला पुस्तकाच्या प्रती उरल्या होत्या, म्हणून ऑगस्टमध्ये त्यांनी त्या गावातल्या प्रत्येक घरी एक याप्रमाणे वाटल्या. मामाच्या घरी एक आली. नंतर मी गेले तेव्हा ती रेडिओशेजारी होती. मामा झोपला होता. मी सत्तेचाळीसावं पान उघडलं. ‘पारंपरिक’ हा शब्द खोडलेला नव्हता. त्याच्या खाली, टिपेच्या वर, निळ्या बॉलपेनने दोन नावं देवनागरीत लिहिली होती. पहिलं गीतकाराचं. दुसरं मामाचं, आडनावासकट.

अक्षर मामीचं आहे.